रविवारचं वाक्य

आमच्या घरात त्यांचं नाव कुणी घेत नसे. मी आणि माझा नवरा, दोघंही त्यांना 'लेखक' म्हणायचो. "आज लेखकांकडे जायचंय का?" "लेखक आज फार चिडले होते." खरं तर हा शब्द त्यांना स्वतःला चालला नसता. "मी लेखक नाही, मी टीव्हीसाठी माणसांच्या तोंडात वाक्यं घालतो," असं ते म्हणायचे, आणि समोरच्यानं ते मान्य केलं तर दिवसभर घुश्शात असायचे.

कॅल्गरीत येऊन मला तेव्हा दीड वर्ष झालं होतं. नवरा नागपूरचा, तेलाच्या पाइपलाइनची डिझाइन करणाऱ्या एका कंपनीत इंजिनिअर. मी पुण्यात जर्मन शिकलेली. आठ वर्षं तिथल्या कारखान्यांसाठी यंत्रांची मॅन्युअलं जर्मनमधून इंग्रजीत करत होते. इथं त्या जर्मनला कुणी विचारत नव्हतं, म्हणून एका ग्रोसरीच्या दुकानात कॅशवर उभी राहायचे. त्या दुकानाच्या बोर्डवर 'स्नो शोव्हल करून मिळेल', 'बेसमेंट भाड्यानं देणे' अशा चिठ्ठ्यांमध्ये एके दिवशी एक चिठ्ठी जर्मनमध्ये दिसली. टायपिंग येणारी, अचूक लिहिणारी आणि प्रश्न न विचारणारी व्यक्ती हवी. खाली फोन नंबर.

घर सीट्रेनच्या शेवटच्या स्टेशनापासून वीस मिनिटं चालत. सत्तरीच्या एका उंच माणसानं दार उघडलं. घरातच होते, तरी अंगात कोट, गळ्यात टाय, पायात पॉलिश केलेले बूट. त्यांनी माझ्याकडे न बघता माझ्या डाव्या कानाच्या पलीकडे कुठंतरी बघितलं आणि कॉम्प्युटरसमोर बसायला सांगितलं. मग एक वाक्य सांगितलं. त्यात नामाच्या लिंगाची एक ढळढळीत चूक होती. मी ती दुरुस्त करून टाइप केली.

"वाचा," ते म्हणाले.

मी वाचलं.

"मी 'डेर' म्हटलं होतं."

"ते चूक होतं. 'दास' हवं."

"मला माहीत आहे. मी जे सांगेन तेच टाइप करायचं. चूक असेल तर ती माझी चूक. तिला हात लावायचा नाही."

मी चूक परत घातली. "मंगळवारी या," ते म्हणाले.

दर मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी नऊ ते एक असं काम ठरलं. मी लवकर पोचले तर एक गंमत दिसायची. पावणेनऊला ते हातात बॅग घेऊन पुढच्या दारानं बाहेर पडायचे, दाराला कुलूप लावायचे, सगळ्या घरांना वळसा घालून मागच्या गल्लीत यायचे आणि मागच्या दारानं स्वतःच्याच घरात शिरायचे. मागच्या बाजूची जेवणाची खोली म्हणजे त्यांचं ऑफिस. उणे तीसमध्येसुद्धा यात खंड नाही. एक वाजता टाय सोडायचे की ऑफिस बंद. त्यानंतर मी उद्याच्या सीनबद्दल काही विचारलं तर उत्तर नाही, आणि हवापाण्याबद्दल विचारलं तर भरभरून.

सीन सांगताना ते बटाटे सोलत. साल न तुटता पूर्ण निघायला हवी. सुरी चालू असेपर्यंत संवाद चालू. सुरी थांबली की मी टायपिंग थांबवायचं आणि श्वाससुद्धा हळू घ्यायचा. सुरुवातीला त्या शांततेची मला फार भीती वाटे. कधीकधी पाच-पाच मिनिटं काही नाही, फक्त घर तापवणाऱ्या फर्नेसचा आवाज. मग एकदम म्हणायचे, "ही बाई आता दारातूनच परत जाते. लिहा."

त्यांची सगळी कारकीर्द मला अशी सालींबरोबर तुकड्यातुकड्यांनी कळली. हँबुर्गमध्ये एका वर्तमानपत्रासाठी कोर्टातल्या बातम्या लिहायचे. तिथं साक्षीदार कसे बोलतात, कुठं अडखळतात, हे कानात बसलं. अठ्ठाविसाव्या वर्षी एक सिनेमा लिहिला. समीक्षकांनी डोक्यावर घेतला आणि प्रेक्षक फिरकले नाहीत. मग टीव्ही. बरीच वर्षं खुनांच्या मालिका, त्यानंतर एक हॉस्पिटलची मालिका. नव्वदच्या आसपास कॅनडातल्या जर्मन स्थलांतरितांवर काही लिहायचं म्हणून तीन महिन्यांसाठी आले आणि राहिले ते राहिलेच. आता ते जर्मनीतल्या एका वाहिनीसाठी रविवार संध्याकाळचे सिनेमे लिहीत. प्रत्येकात एक जर्मन बाई कॅनडात येते, तिला वारशात तळ्याकाठचं घर किंवा घोड्यांचा रँच मिळतो, आणि तिथं एक अबोल माणूस भेटतो. शूटिंग आमच्या घरापासून तासाभरावरच्या डोंगरात चाले. लेखक ते एकदाच बघायला गेले होते. "डोंगर फार मोठे आहेत," एवढाच त्यांचा अभिप्राय.

या असल्या सिनेमांची ते टिंगल करत. पण एक शब्द इकडचा तिकडे झाला तर आख्खं पान पुन्हा. माणूस मनातलं बोलायला लागला की तिथं सीन कापायचा, असा त्यांचा नियम. त्यांच्या सिनेमात 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' कुणी म्हणत नसे. वाईट बातमी ऐकणाऱ्या माणसाच्या हातात काहीतरी काम असलंच पाहिजे.

"आणि ही वाक्यं येतात कुठून?" मी एकदा विचारलं.

"लोक देतात."

मग त्यांनी दुसऱ्या बायकोची हकिगत सांगितली. भांडणात ती त्यांना जे म्हणाली होती ते त्यांनी शब्दाला शब्द हॉस्पिटलच्या मालिकेतल्या एका नर्सच्या तोंडी घातलं. मंगळवारी संध्याकाळी ती जेवता जेवता टीव्ही बघत होती. "एपिसोड संपेपर्यंत बसली. मग गेली. जाताना टीव्ही घेऊन गेली." हे सांगताना ते हसत नव्हते. "सीन मात्र उत्तम झाला होता," असं म्हणून त्यांनी पुढचा बटाटा उचलला.

दुसऱ्याच महिन्यात मला त्यांचं गुपित कळलं. टायपिस्ट कशाला हवा, तर बोटं दुखतात, असं त्यांनी मला आणि म्युनिकच्या निर्मात्यांनाही सांगितलं होतं. एका शुक्रवारी प्रिंटरची शाई संपली आणि कोरी पानं बाहेर आली. मी काही बोलायच्या आत त्यांनी पहिलं पान उचललं, डोळ्यांसमोर धरलं, थोडा वेळ बघितलं.

"चांगलं दिसतंय," ते म्हणाले. "दुसरा संवाद जरा लांबलाय."

मी गप्प बसले. त्यांनी पान खाली ठेवलं, अंगठा त्यावरून फिरवला, आणि माझं गप्प बसणं त्यांना कळलं.

"कोरं आहे का?"

"हो."

डोळ्याच्या पडद्याचा आजार होता. समोरचं दिसेनासं झालं होतं, फक्त कडेचं दिसे. म्हणून माणूस बघायचा तर ते त्याच्या कानापलीकडे बघत. खोल्यांमधली पावलं त्यांना पाठ होती. "बोटं दुखणाऱ्या माणसाला काम मिळतं," ते म्हणाले. "न दिसणाऱ्याला कार्ड येतं, शुभेच्छांचं. म्युनिकला कळता कामा नये." मी मान हलवली, मग लक्षात आलं की मान हलवून उपयोग नाही, आणि तोंडानं "कळणार नाही" म्हटलं.

त्या दिवसापासून त्या घरातली हवाच बदलली. फोन वाजला की मी आधी नंबर बघायचे. सप्टेंबरात शूटिंगसाठी आलेल्या म्युनिकच्या निर्मात्या बाई कुणाला न सांगता घरी आल्या. मी कॉफी केली, लेखकांच्या उजव्या हातापासून एक वीत अंतरावर कप ठेवला. बाईंनी टेबलावर तीन नट्यांचे फोटो मांडले आणि म्हणाल्या, "तुमच्या मनातली कुठली, सांगा बघू."

लेखक पुढं झुकले. मला वाटलं, आता ते कोऱ्या पानासारखंच काहीतरी म्हणतील आणि संपेल सगळं.

"डावीकडची मला फारच तरुण वाटते," मी मध्येच बोलले. "मधलीच्या कपाळावर ती आठी आहे, तुम्ही पहिल्या सीनमध्ये लिहिलेली."

बाईंनी माझ्याकडे जरा नाराजीनं पाहिलं. लेखकांनी मधल्या फोटोवर बरोबर बोट ठेवलं. "ही," ते म्हणाले. "आठीमुळे."

बाई गेल्यावर त्यांनी मला शाबासकी दिली नाही. "तुम्ही पटकन खोटं बोलता," एवढंच म्हणाले. त्यांच्याकडून ती स्तुतीच होती.

त्याच ऑक्टोबरात माझे सासरे गेले. नवऱ्याचा पासपोर्ट तेव्हा व्हिसासाठी पाठवलेला, हातात नव्हता. जाता आलं नाही. सासऱ्यांना दर रविवारी सकाळी फोन करायचा नेम होता. तिकडे संध्याकाळ. ते तेच तीन प्रश्न विचारत, नोकरी पक्की झाली का, थंडी किती, येणार कधी. नवरा रविवार उजाडला की कुरकुरत फोन घ्यायचा. दीर अमरावतीहून नागपूरला पोचले होते, त्यांनी बातमी सांगितली. नवऱ्यानं ऐकलं, "हो, हो" म्हटलं, फोन ठेवला, आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "चला. आता दर रविवारी फोन करायची कटकट संपली."

मग बूट घालून बाहेर गेला आणि ड्राइव्हवे शोव्हल करत राहिला. बर्फ फारसा नव्हताच.

मी ते वाक्य कुणाला सांगितलं नाही. त्याच्याशीही त्यावर बोलले नाही. पण ते घरात होतं. तो मला चहा द्यायचा, गाडीत गाणी लावायचा, आणि मी मनात म्हणायचे, हा माणूस असं बोलू शकतो.

डिसेंबरात लेखक एका सीनवर अडले. रँचचा अबोल मालक. त्याला ब्रेमेनहून फोन येतो की वडील गेले. तो काय म्हणतो? कामाचे तीन दिवस सुरी थांबलेली. शेवटी त्यांनी विचारलं, "तुमच्याकडे असा फोन आला की माणसं काय म्हणतात?"

मी सांगून टाकलं. का सांगितलं ते आजही नीट सांगता येणार नाही. जर्मनमध्ये ते वाक्य हलकं वाटलं, दुसऱ्याच कुणाचं असल्यासारखं. मराठीत मला ते तोंडातून काढता आलं नसतं. एक वाजला, लेखकांनी टाय सोडला.

पुढच्या वेळी त्यांनी तो सीन सलग सांगितला. फोन वाजतो. मालक घोडीचा खरारा करतोय. ऐकतो. फोन ठेवतो. म्हणतो, "ठीक. आता रविवारी फोन करायला नको." पुन्हा खरारा करायला लागतो.

माझी बोटं थांबली.

"काय झालं?"

"हे वाक्य माझ्या नवऱ्याचं आहे."

"होतं," ते म्हणाले. "आता रँचच्या मालकाचं आहे."

"काढा ते. प्लीज."

"चाळीस वर्षांत एवढं खरं वाक्य मला सुचलेलं नाही."

"हेही तुम्हाला सुचलेलं नाही."

सुरी टेबलावर ठेवल्याचा आवाज आला. त्यांनी हात पुसले. मग अगदी शांतपणे म्हणाले, "टाइप करा."

मी टाइप केलं.

पटकथा मंगळवारी म्युनिकला पाठवायची होती. त्या सकाळी ते बटाटे धुवायला किचनमध्ये गेले. नळ चालू होता. मी छत्तिसावा सीन उघडला, नवऱ्याचं वाक्य खोडलं आणि तिथं दुसरं लिहिलं. ते मला फार विचार न करता आलं: "घोडीला शिंगरू झालं, हे त्यांना सांगायचं राहिलं." नळ बंद झाला. ते येऊन माझ्या मागे उभे राहिले.

"छत्तिसावा वाचा. एकदा ऐकू दे."

पडद्यावर शिंगरू होतं. मी पडद्याकडे बघत नवऱ्याचं वाक्य म्हटलं. आवाज हलला नाही.

"गूट," ते म्हणाले. "पाठवा."

म्युनिकहून फोन यायला दहा दिवस लागले. त्या दहा दिवसांत दुकानात मी एकच वस्तू दोनदा स्कॅन करत होते, गिऱ्हाइकं कुरकुरत होती. नवरा विचारत होता, "तुझं लक्ष कुठाय? आर यू ओके?" मी "थंडी" म्हणत होते.

फोन शुक्रवारी सकाळी साडेनऊला आला. नेहमीप्रमाणे स्पीकरवर, टिपणं घ्यायला मी शेजारी. निर्मात्या बाई आणि आणखी दोघंतिघं. एकेक सीन घेत चालले. तिसावा. बत्तिसावा. पस्तिसाव्यातली कार बदला म्हणाले. मी पेन धरलं होतं, कागदावर काही उमटत नव्हतं.

"छत्तीस," बाई म्हणाल्या. "त्याला काही करायचं नाही. मला फक्त सांगायचंय, त्या वाक्यावर मी रडले. तुमचं इतक्या वर्षांतलं सगळ्यात हळवं वाक्य आहे ते."

हळवं हा शब्द ऐकून लेखकांचा हात टेबलावर जागीच थांबला. त्यांचा चेहरा माझ्याकडे वळला, कानापलीकडे.

"हॅलो? लाइन गेली का?"

"नाही. आहे मी."

"सुचलं कसं हो ते?"

"अगदी शेवटी," लेखक म्हणाले. "शेवटच्या क्षणी."

"आम्हाला वाचून दाखवा ना. तुमच्या आवाजात ऐकायचंय सगळ्यांना."

त्यांना वाचता येत नव्हतं, आणि पानावर काय आहे हेही माहीत नव्हतं. हे दोन्ही त्या घराबाहेर कुणाला ठाऊक नव्हतं. त्यांनी हात पुढं केला. मी त्यात पान दिलं. त्यांनी ते तसंच धरून ठेवलं.

"त्यांचा चष्मा वर राहिलाय," मी फोनकडे वाकून म्हटलं. "मी वाचते." आणि वाचलं. फोन, खरारा, घोडी, शिंगरू. तिकडे क्षणभर कुणी बोललं नाही, मग एक पुरुष हळूच काहीतरी म्हणाला, कौतुकाचं. लेखक डोळे मिटून ऐकत होते. आपल्या नावावरचं वाक्य त्यांनी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं.

उरलेले सीन त्यांनी व्यवस्थित पार पाडले. फोन बंद केला. दहा वाजून गेले होते. त्यांनी टाय सोडला.

"मला सांगायचं होतं..."

"ऑफिस बंद झालं."

"तुम्ही काढलं असतंत तर मला..."

"बायको सोडून गेली, ते मी समजू शकलो," ते म्हणाले. आवाज चढला नव्हता, त्यामुळे जास्त लागलं. "लोक जातात. पण मी तुम्हाला डोळे म्हणून ठेवलं होतं. स्वतःचे डोळे खोटं सांगायला लागले तर माणसानं काय करायचं? जा तुम्ही."

घरी येऊन मी नवऱ्याची वाट बघत बसले. तो आल्या आल्या, जॅकेटही काढलं नव्हतं, तेव्हा सगळं सांगितलं. त्याचं वाक्य मी परक्या माणसाला सांगितलं, ते टीव्हीवर येणार होतं, मी ते बदललं, नोकरी गेली. तो किचनच्या टेबलापाशी बसून ऐकत होता.

"कुठलं वाक्य?" त्यानं विचारलं.

मी मराठीत म्हणून दाखवलं. त्याला आठवत नव्हतं. मग आठवलं, ते चेहऱ्यावर दिसलं.

"आणि तुला वाटलं मला खरंच तसं वाटतं?"

"मला माहीत नव्हतं."

"दोन महिने?"

"हो."

"मग विचारायचं ना गं." तो उठला, जॅकेटची चेन उघडली, पुन्हा लावली. "विचारायचं होतंस तू."

ती संध्याकाळ आम्ही एकमेकांशी कामापुरतं बोललो. सकाळी, शनिवारी, तो गाडीची किल्ली घेऊन म्हणाला, "चल. मला त्या लेखकांकडे घेऊन चल." मी म्हटलं, भांडायचंय का. तो म्हणाला, "आय डोन्ट नो."

लेखकांनी दार उघडलं तेव्हा ते बिनटायचे होते. मला ते अनोळखी वाटले. नवऱ्यानं आपली ओळख इंग्रजीत करून दिली. लेखकांनी आम्हाला किचनमध्ये बसवलं. कुणी कोट काढले नाहीत.

"तुमच्या सिनेमातला तो माणूस," नवरा म्हणाला, "माझं वाक्य बोलल्यावर पुढं काय करतो?"

"काही नाही. घोडीचा खरारा. सीन संपतो."

"मग ते चूक आहे."

लेखकांचं डोकं जरा कललं. "चूक का?"

नवऱ्यानं माझ्याकडे पाहिलं नाही. टेबलावर नजर ठेवून बोलायला लागला, हळूहळू, इंग्रजी शब्द शोधत. वडील गेल्यावर आई भावाकडे अमरावतीला गेली. नागपूरचं घर बंद. पण तिथला फोन कुणी काढला नव्हता. पुढच्या रविवारी ग्रोसरीला जातो सांगून तो बाहेर पडला, ऑफिसच्या पार्किंगमध्ये गाडी लावली आणि तिथून घरचा नंबर लावला.

"बाबा फोन उचलायला वेळ लावायचे," तो म्हणाला. "आधी रेडिओ बंद करायचे, मग चष्मा लावायचे, मग यायचे. दहा-बारा रिंगा. मी तेवढ्या होऊ दिल्या. मग ठेवला. असं तीन रविवार केलं."

मला यातलं काहीच माहीत नव्हतं. त्या तीन रविवारी मी घरी बसून, ग्रोसरीला इतका वेळ कसा लागतो, एवढाच विचार केला होता. माझा हात त्याच्या हातावर ठेवावा असं वाटलं आणि ठेवता आला नाही, कारण तो अजून लेखकांशी बोलत होता.

लेखकांनी हातानं टेबलाची कड चाचपली. मग त्यांनी विचारलं, "हे मी वापरू का?"

त्यांना कुणाला असं विचारताना मी पहिल्यांदा ऐकलं. विचारायची सवय नसल्यानं शब्दही नीट जुळले नव्हते.

"नो," नवरा म्हणाला.

"ठीक आहे," लेखक म्हणाले. उठले, पावलं मोजत शेगडीपाशी गेले. "बटाटे उकडलेले आहेत. जेवून जा."

आम्ही जेवलो. मिठाचे बटाटे आणि लोणी. नवऱ्यानं तीन खाल्ले. कुणीच फारसं बोललं नाही, पण कोट काढले होते.

मंगळवारी जावं की नाही कळत नव्हतं. गेले. पावणेनऊला ते बॅग घेऊन बाहेर पडताना दिसले, टाय होता. ऑफिसात आल्यावर त्यांनी मला म्युनिकचा नंबर लावायला सांगितला. "छत्तिसाव्यातलं वाक्य काढा," ते बाईंना म्हणाले. "दोन्ही काढा. म्हणजे जे आहे ते. तो काही बोलत नाही." बाई वाद घालायला लागल्या. त्यांनी मध्येच थांबवून सांगितलं, "ते वाक्य माझं नाही. माझ्या टायपिस्टचं आहे. मी ते वाचलेलं नव्हतं, कारण मला वाचता येत नाही. दोन वर्षं झाली."

बाई चांगल्या होत्या, चांगलंच बोलल्या. तो सिनेमा लेखकांच्याच नावानं झाला. पुढच्याचा करार मात्र आला नाही. महिन्याभरानं कार्ड आलं. मी ते त्यांना वाचून दाखवलं. त्यांनी पुन्हा एकदा वाचायला लावलं आणि म्हणाले, "तिसरं वाक्य वाईट आहे."

पुढल्या वर्षी सिनेमाची डिस्क आली. आमच्या टीव्हीवर आम्ही दोघांनी पाहिला. मालकाला फोन येतो, तो ऐकतो, ठेवतो, घोडीच्या मानेवर हात ठेवून उभा राहतो. कुणी काही बोलत नाही. नवरा सोफ्यामागे उभा राहून बघत होता. सीन संपल्यावर म्हणाला, "घोडी छान आहे."

काम नसतानाही मी मंगळवारी जात राहिले. टाय, वळसा, मागचं दार, सगळं तसंच. ते मला महापालिकेला पत्रं सांगत. फुटपाथवरचा बर्फ कुणी काढायचा यावर त्यांचा शहराशी लांबलचक वाद चालला होता, आणि त्या पत्रांतसुद्धा एक शब्द इकडचा तिकडे चालत नसे. दोन वर्षांनी नवऱ्याला ओंटारिओत, केंब्रिजला, मोटारींच्या कारखान्यात नोकरी मिळाली. शेवटच्या मंगळवारी मी त्यांना एक गोष्ट सांगितली. ती मी नवऱ्यालाही सांगितली नव्हती.

"त्या दिवशी फोनवर शिंगराचं वाक्य वाचलं ना," मी म्हटलं, "तेव्हा तिकडे ते गप्प झाले. मला इतका आनंद झाला होता. तुम्ही शेजारी तसे बसलेले असताना. वाटलं होतं, सांगावं त्यांना, माझं आहे म्हणून."

"माहीत आहे," ते म्हणाले. "तुम्ही वाचताना 'शिंगरू'च्या आधी थांबलात. भीती वाटणारं माणूस तिथं थांबत नाही."

"मग मला परत येऊ का दिलंत?"

त्यांनी टाय सोडत घड्याळाच्या दिशेला तोंड केलं. एक वाजला होता.

आम्ही केंब्रिजला आल्यावर दोन हिवाळे त्यांचे फोन येत होते. तिसऱ्या हिवाळ्यात ते गेले. शेजाऱ्यानं कळवलं.

हे सगळं लिहून झाल्यावर मी ते नवऱ्याला वाचायला दिलं. लेखकांना तो नाही म्हणाला होता, त्यामुळे मला विचारणं भाग होतं. तो किचनमध्ये उभ्यानंच वाचत होता. मी भांडी लावायचं निमित्त करून तिथंच होते. फोनच्या जागी आला तसा तो थांबला. मग पुढचं वाचून पानं ओट्यावर ठेवली.

"फोनचं राहू दे," तो म्हणाला.

"राहू दे म्हणजे ठेवू, की काढू?"

त्यानं पानं उचलून पुन्हा सरळ केली.

"ठेव," तो म्हणाला. "पण तीन रविवार नव्हते ते. तिकडून 'हा नंबर बंद आहे' ही टेप ऐकू येईपर्यंत करत होतो."